केलरमधल्या गोगलगायी

मी गोगलगायी सांभाळते. जर्मनीतल्या येना शहरात एका संशोधन संस्थेत तांत्रिक सहायक म्हणून माझी नोकरी आहे. तिचा मोठा भाग म्हणजे प्लॅस्टिकच्या चार डब्यांत, ओल्या टिश्यू पेपरवर राहणाऱ्या, बोटाच्या पेराएवढ्या गोगलगायी जिवंत ठेवणं. नात्यातल्या लग्नात कोणी विचारलं तर मी 'लॅबमध्ये असते' एवढंच सांगते. खरं सांगितलं की लोक आधी हसतात आणि मग विचारतात, त्यात सांभाळायचं काय?

सांभाळायचं कारण असं की या दुसरीकडे कुठेच नाहीत. पॅसिफिक महासागरात ज्वालामुखीतून वर आलेली बेटं आहेत, कुठल्याही खंडापासून इतकी लांब की तिथे एकदा जे पोचलं ते पुढे तिथलंच होऊन गेलं. झाडांवर राहणाऱ्या या गोगलगायींच्या बाबतीत तर एका दरीत एक जात आणि डोंगर ओलांडला की पलीकडच्या दरीत दुसरी. मग माणसांनी खायला म्हणून आफ्रिकेतली एक मोठी गोगलगाय तिथे नेली. तिनं मळे फस्त करायला घेतले. तिचा बंदोबस्त करायला दुसरी एक शिकारी गोगलगाय आणून सोडली. शिकारी गोगलगायीनं मोठीकडे फारसं लक्ष दिलं नाही. ती झाडांवरच्या या छोट्यांच्या मागे लागली आणि एकेक दरी रिकामी होत गेली. त्याआधी कोणीतरी थोड्या उचलून आणल्या होत्या, म्हणून त्या उरल्या. आता युरोपातल्या काही प्राणिसंग्रहालयांत आणि संस्थांत त्यांची वीण होते आणि जमेल तशा त्या बेटावर परत नेऊन सोडतात.

आमच्याकडची जात दोनच ठिकाणी होती. दुसऱ्या ठिकाणी त्या हिवाळ्यात रोग पडला आणि तिथले डबे रिकामे झाले. म्हणजे त्या दरीतलं जे काही जगात शिल्लक होतं ते सगळं माझ्या चार डब्यांत होतं. शरदात त्यांतल्या काही पेटीत भरून बेटावर जायच्या होत्या. हे असलं डोक्यात घेऊन काम करता येत नाही, त्यामुळे मी घेत नाही. मी तापमान बघते, कागद बदलते, ओट्स आणि वाळलेल्या खाजकुइलीसारख्या पाल्याची भुकटी कालवून डब्याच्या आतल्या बाजूला लावते, आणि घरी जाते.

प्फिंग्स्टन या ख्रिस्ती सणाच्या आधीच्या शुक्रवारी दुपारी थंड खोलीचं यंत्र बंद पडलं. प्फिंग्स्टनला इथे रविवार आणि सोमवार दोन्ही दिवस सगळं बंद असतं. येना खोऱ्यात आहे, भोवती चुनखडीचे उघडे डोंगर, त्यामुळे ऊन पडलं की ते आतच साचून राहतं. खोलीतलं तापमान माझ्या डोळ्यांदेखत चढत होतं. या गोगलगायींना वीस अंशांच्या आसपासचं तापमान लागतं. पंचवीसच्या पुढे त्या आखडतात आणि त्याच्याही पुढे गेलं की मरतात.

हाउसमाइस्टर, म्हणजे इमारतीची देखभाल करणारा माणूस, आला, पत्रा उघडून त्यानं आत टॉर्च मारला आणि म्हणाला, "मंगळवारी."

"मंगळवारी उकडलेल्या मिळतील," मी म्हटलं.

"सुटा भाग मागवावा लागेल. आज कोण देणार?" त्यानं पत्रा परत लावला.

आमच्या विभागप्रमुख बाई सुट्टीवर आल्प्समध्ये होत्या. फोन लागला. वाऱ्याच्या आवाजातून त्यांनी विचारलं, "तुझ्या घराला केलर आहे ना?"

केलर म्हणजे इमारतीखालचं तळघर. प्रत्येक बिऱ्हाडाला लाकडी पट्ट्यांनी आखलेला एक कोपरा असतो. आमच्यात कांदेबटाटे, तांदळाची पोती, सायकली आणि फेकवत नाहीत अशा वस्तू आहेत. माझा नवरा एका भिंगांच्या कारखान्यात अभियंता आहे आणि शुक्रवारी घरून काम करतो. त्याला फोन करून मी स्वयंपाकघरातलं थर्मामीटर घेऊन खाली पाठवलं.

"एकोणीस," तो म्हणाला. "मीच खाली राहायला जाऊ का?"

बाईंना आकडा सांगितला. "गेनाऊ," त्या म्हणाल्या, म्हणजे अगदी बरोबर. "घेऊन जा. चारही डबे. आणि मला रोज कळव."

दोन थंड पिशव्या, टॉवेलमध्ये गुंडाळलेले बर्फाचे पॅक आणि मी, असे आम्ही ट्राममधून घरी आलो. ट्रामच्या खिडक्या उघडत नाहीत. मी पिशव्या मांडीवर घेतल्या, कारण ट्रामची जमीन तापलेली असते. शेजारी बसलेल्या एका आजींनी आइस्क्रीम आहे का असं विचारलं. मी हो म्हटलं.

दार माझ्या सासूबाईंनी उघडलं. त्या नागपूरच्या, महापालिकेच्या शाळेतून निवृत्त झालेल्या. त्या उन्हाळ्यात तीन महिन्यांसाठी आमच्याकडे आल्या होत्या.

"हे काय आणलं वं?"

"गोगलगायी, आई. मंगळवारपर्यंत खाली राहतील."

"खायला?"

"आई!"

"अगं, मी विचारून राहिली, यांना खायला काय द्यायचं. तू मले समजतेस काय?"

"काही द्यायचं नाही. मी देते. तुम्ही फक्त केलरचं दार नीट लावत जा."

"बरं बाई. इतकंसं ऊन अन् यंत्रं बंद पडतात तुमची. आमच्याकडे असतं तर तुमचं अख्खं जर्मनी बंद पडलं असतं."

दोन डबे मी स्टुलावर ठेवले आणि दोन लाकडी फळीवर. केलरात मुंग्या असतात हे मला माहीत होतं, म्हणून स्टुलाचे पाय पाण्याच्या वाट्यांमध्ये ठेवले, फळीच्या पायांखालीही ताटल्या दिल्या. लाडवांच्या डब्याला आपण करतो तेच. शनिवार चांगला गेला. तापमान वर चढलं नाही. गोगलगायी संध्याकाळी बाहेर येऊन फिरत होत्या. बाईंना कळवलं. त्यांनी डोंगराचा एक फोटो पाठवला.

रविवारी सकाळी मी कागद ओला केला, खाऊ लावला आणि वर येऊन पोळ्या करायला घेतल्या. आई म्हणाल्या, कांदे संपलेत, मी खालून आणते. बराच वेळ त्या आल्या नाहीत. गुडघे दुखतात, पायऱ्यांवर बसल्या असतील असं वाटून मी शेगडी बारीक केली आणि खाली गेले.

आई स्टुलापाशी वाकल्या होत्या. माझी चाहूल लागली तशा कंबरेवर हात ठेवून सरळ झाल्या. हातात खडू होता.

"झालं बघ," त्या म्हणाल्या. "आता एकही नाही येत."

स्टुलाच्या कडेनं पांढरी रेघ होती. दोन्ही डब्यांच्या भोवती एकेक. आणि दोन्ही झाकणांवर, हवेच्या भोकांच्या बाजूनं, अगदी चौकोनी. तीस वर्षं फळ्यावर रेघा मारलेला हात होता तो, कुठे वाकडी म्हणून नव्हती.

हा मुंग्यांचा खडू मराठी घरात वाढलेल्या कुणालाही सांगायला नको. माहेरी माझी आई साखरेच्या डब्याभोवती ही रेघ ओढायची. मुंगी येते, रेघेपाशी थांबते, वळते. तिचं पुढे काय होतं ते कोणी बघत बसत नाही. हा खडू म्हणजे औषध दाबून बनवलेली कांडी असते, हे मला प्राणिशास्त्र शिकताना कळलं. तोवर माझ्याही लेखी ती नुसती रेघ होती.

"आई, झाकणावर कशाला?"

"वरच्या पाइपावरून उतरून राहिल्या होत्या. ओळच लागली होती बाप्पा. पाण्याच्या वाट्या खाली, अन् मुंग्या वरून. मी म्हटलं, तुझ्या पाहुण्यांना खाऊन टाकतील."

भोकांमध्ये पांढरी पूड पडली होती. मी झाकण न उचलता बाजूनं आत बघितलं. एक मोठी गोगलगाय, जी सकाळी झाकणाला आतून चिकटलेली होती, ती खाली कागदावर पडली होती आणि तिच्या शंखाच्या तोंडाशी फेस होता. गोगलगायीला काही झोंबलं की ती फेस सोडते.

"दूर व्हा," मी म्हटलं.

"काय झालं?"

"ते विष आहे, आई."

"विष कसं असेल? रेघ आहे ती. घरात मी कधी फवारा आणू दिला नाही, तुले माहीत आहे. सकाळी उठून पंचशील म्हणायचं अन् मग मुंग्यांवर फवारा मारायचा? म्हणून तर मी खडू वापरते. त्यानं मरत नाहीत, वळतात."

"मरतात. वळतात आणि मग मरतात."

मला त्यांना तिथे समजावत बसायचं नव्हतं. फळीवरचे दोन डबे कोरे होते, त्यांच्यापर्यंत त्या पोचल्याच नव्हत्या. ते मी आधी उचलून दुसऱ्या कोपऱ्यात नेले. आईंच्या हातातला खडू घेतला, कागदात गुंडाळला, वर नेला. नवऱ्याला म्हटलं, आईंनी नागपूरहून आणलेल्या खडूच्या खोक्यावरचं बारीक छापलेलं वाच. त्यानं फोननं फोटो काढून मोठा केला आणि वाचलं, "डेल्टामेथ्रिन."

बाईंना फोन केला. या वेळी वारा नव्हता, कुठल्यातरी खोलीत असाव्यात. मी आहे तसं सांगितलं. माझ्या सासूबाईंनी, मुंग्यांसाठी, झाकणावर, पूड भोकांतून आत.

"आल्झो," त्या म्हणाल्या, म्हणजे 'तर मग'. "कीटकांना मारतं. माशांना मारतं. गोगलगायींना त्या मानानं कमी बाधतं असं म्हणतात."

"यांना?"

"यांच्यावर कोणी तपासलेलं नाही. तपासायला पुरेशा नाहीत."

मग त्यांनी काय करायचं ते सांगितलं. त्या दोन डब्यांतल्या सगळ्या बाहेर काढायच्या, साध्या पाण्याखाली धुवायच्या, साबण नाही, नव्या डब्यांत नव्या कागदावर ठेवायच्या. जुना डबा परत वापरायचा नाही. आणि पिल्लं कागदाच्या घड्यांमध्ये असतात, तेव्हा कागद बघितल्याशिवाय फेकायचा नाही. या जातीत अंडी नसतात, एकेक पिल्लू शंखासकट जन्माला येतं, ज्वारीच्या दाण्याएवढं.

"नवे डबे आहेत?" त्यांनी विचारलं.

"बघते," मी म्हटलं.

घरात डबे खूप होते. इथे राहणाऱ्या कुठल्याही मराठी घरात दह्याचे, लोण्याचे, आइस्क्रीमचे डबे कपाटभर असतात. मी एकेक उघडून हुंगला. गोडा मसाला. हिंग. लसणाची चटणी. धुऊन धुऊन रंग गेलेल्या डब्यालाही वास होता. या अंगावर कातडीच नसल्यासारख्या जनावरांना त्यात ठेवणं म्हणजे एका विषातून काढून दुसऱ्यात टाकणं. आणि दुकानं मंगळवारपर्यंत बंद.

आई स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या. त्या आत गेल्या आणि त्यांच्या बॅगेतून नवे डबे घेऊन आल्या. चारी बाजूंनी खटक्यांची झाकणं, वर लेबल तसंच. नागपूरला नेण्यासाठी त्यांनी ते मागच्याच आठवड्यात स्वतः निवडून घेतले होते, तिथे कोणाला कोणत्या रंगाचं झाकण द्यायचं हे ठरवून.

"हे चालतील?"

"चालतील."

"घे मग. काय पाहून राहिली?"

झाकणं घट्ट होती, हवेला भोकं पाडायला हवी होती. नवरा ड्रिल घेऊन आला. मी म्हटलं, "रविवारी? प्फिंग्स्टनला?" इथे रविवारी आणि सणाला रूहेत्साइट, म्हणजे शांततेची वेळ असते. मागच्या वर्षी रविवारी चटणीला मिक्सर लावला म्हणून खालच्या मजल्यावरचे आजोबा वर आले होते.

"इमर्जन्सी आहे," तो म्हणाला.

"आजोबांना काय सांगशील? गोगलगायींची?"

"हो. खरंच आहे ते."

"आणि पोलीस आले तर त्यांना केलर दाखव. आम्ही इथे विष घातलंय म्हणून."

त्यानं ड्रिल ठेवलं. शेवटी बाल्कनीत मेणबत्ती लावून कबाबची सळई तापवली आणि तो एकेक भोक पाडत बसला. प्लॅस्टिकचा धूर घरात येऊ नये म्हणून मी बाल्कनीचं दार बंद केलं. तो उन्हात, घामाघूम, आतल्या आम्हाला काचेतून हातवारे करत होता. मी बघितलं नाही.

खालून डबे आणताना मी झाकणं आधी ओल्या फडक्यानं पुसली, मग उघडली. हातमोजे घातले. बेसिनमध्ये पाण्याची बारीक धार सोडून एकेक मोठी गोगलगाय तळहातावर धरून धुतली. जिला झोंबलेलं असतं ती आत शिरते आणि पातळ पडद्यानं तोंड बंद करते. पहिल्या डब्यातल्या बहुतेक सगळ्या बंद होत्या. दुसऱ्यातल्या अर्ध्या बाहेर होत्या, शिंगं हलवत होत्या. बंद गोगलगाय मेलेली आहे की आत बसली आहे हे बाहेरून कळत नाही. मेली असेल तर वास येतो, पण उशिरा.

मोठ्या झाल्या. राहिला कागद. पिल्लं त्यातच होती.

मला आणखी दोन हात हवे होते. नवऱ्याची बोटं सळईनं भाजली होती. मी आईंकडे बघितलं.

"मी शिवू?" त्यांनी विचारलं. आधी त्यांनी कधी माझी परवानगी विचारली नव्हती.

"मोजे घाला. घाई करायची नाही. कागद ओढायचा नाही, फाडायचा नाही. घडी उघडायची, दोन्ही बाजू बघायच्या, मग मला द्यायचा."

त्यांनी मोठं ताट घेतलं, खिडकीपाशी बसल्या, चष्मा वर सरकवला आणि कागद ताटात उलगडायला लागल्या, तांदूळ निवडतात तशा. पिल्लू दिसलं की बोट न लावता नुसतं "हं" म्हणायच्या. मी ओल्या ब्रशनं उचलून पाण्यातून काढायची आणि नव्या डब्यात ठेवायची. त्यांनी बघून दिलेला प्रत्येक कागद मी परत बघत होते. एकदा मला त्यांच्या कागदात एक सापडलं.

"राहिलं होतं?" त्यांनी विचारलं.

"हो."

"मेले डोळे." पुढचा कागद त्यांनी आणखी हळू उलगडला.

मग बऱ्याच वेळानं, ताटावरून मान न उचलता त्या म्हणाल्या, "त्या बेटावर ती शिकारी गोगलगाय ज्यांनी सोडली, त्यांनीही मळे वाचवायलाच सोडली होती ना? वाईट करायला नव्हती."

हे मीच त्यांना शनिवारी सांगितलं होतं.

"नव्हती," मी म्हटलं. "आणि या संपल्या."

जेवण कोणी केलं नाही. पोळ्या तव्याजवळ तशाच वाळल्या. आमची सोळा वर्षांची लेक दुपारी मैत्रिणीकडून आली, बेसिन, ताट, हातमोजे आणि बाल्कनीतला बाप बघून जर्मनमध्ये म्हणाली, "मी नंतर येते." आणि गेली.

संध्याकाळी नवे डबे खाली नेऊन ठेवले, पाइपापासून लांब. मुंग्यांसाठी या वेळी स्टुलाच्या पायांखाली पाणी तर ठेवलंच, शिवाय वरून उतरू नयेत म्हणून डब्यांवर एक जुनी चादर टांगून तिच्या कडा ओल्या केल्या. स्टुलावरची रेघ मी तीनदा पुसली. आईंना खाली येऊ दिलं नाही. त्याही आल्या नाहीत.

सोमवारी करण्यासारखं काही नव्हतं, आणि तेच अवघड होतं. मी अर्ध्या अर्ध्या तासानं खाली जाऊन येत होते. दुसऱ्या डब्यातल्या सगळ्या फिरायला लागल्या होत्या, एक खाऊलाही लागली होती. पहिल्या डब्यातल्या दुपारपर्यंत निम्म्या उघडल्या. पिल्लं हलत होती. उरलेल्यांना मी कोमट पाण्याचे शिंतोडे दिले. पाऊस पडल्यासारखं वाटून त्या बाहेर येतात. काही आल्या. संध्याकाळी तीन बंद होत्या. त्यांत ती फेस आलेली होती.

वर आले की आई विचारायच्या, "किती?"

मी आकडा सांगायची. त्या मान हलवायच्या आणि हातातलं काम करत राहायच्या. त्या दिवशी त्यांनी पूर्ण स्वयंपाकघर पुसून काढलं, माझी कपाटंही लावली. सकाळची वंदना त्यांनी रोजच्यासारखी केली. मी आतल्या खोलीतून ऐकत होते. पहिल्या शीलापाशी, प्राणिहत्या करणार नाही म्हणतात तिथे, त्या अडखळल्या नाहीत. पण थोडं थांबल्या आणि मग पुढे गेल्या.

नवरा रात्रीच्या जेवणाला म्हणाला, "आई, तुझी चूक नाही. तुला माहीत नव्हतं."

"माहीत नव्हतं म्हणजे चूक नाही का?" त्या म्हणाल्या. "वर्गात पोरांना मी असं म्हणू दिलं असतं का?"

"ही शाळा नाही."

"म्हणूनच चूक जास्त आहे."

त्यानं माझ्याकडे बघितलं. मी त्याला भाजी वाढली. मी त्यांना धीर देणार नव्हते, कारण त्या क्षणी मला स्वतःला नव्हता. रागही ओसरला नव्हता. पण त्यांच्या जागी मी असते तर मीही हेच म्हटलं असतं, हे मला दिसत होतं.

मंगळवारी सकाळी संस्थेतून फोन आला, यंत्र सुरू झालं आहे. नवरा कामावर गेला होता. मी दोन पिशव्या भरल्या. चार डबे एकटीनं, उन्हात, सरळ धरून नेणं मला जमलं असतं. आई चपला घालून दारात उभ्या होत्या.

"एक मी घेते."

"गर्दी असते ट्राममध्ये."

"मग उभी राहीन."

मी त्यांना खडू न लागलेल्या दोन डब्यांची पिशवी दिली. त्यांनी दोन्ही हातांनी छातीशी धरली आणि पूर्ण वाटभर बसायला मिळालं तरी मांडीवर ठेवली नाही, थोडी वरच धरून राहिल्या.

बाई सुट्टीवरून थेट संस्थेत आल्या होत्या, चेहरा उन्हानं लाल, पायांत डोंगरातले बूट. त्यांनी डबे टेबलावर घेतले आणि आम्ही तिघी त्याभोवती उभ्या राहिलो. फळीवरचे दोन डबे पटकन झाले. खडूच्या दुसऱ्या डब्यालाही वेळ लागला नाही. पहिला डबा बाईंनी स्वतः उघडला. बंद तिनांपैकी एक सकाळी ट्राममधल्या हादऱ्यांनी म्हणा किंवा कशानं म्हणा, अर्धी बाहेर आली होती. दुसरीच्या तोंडावरचा पडदा बाईंनी ओल्या ब्रशनं हळूच टोकरला. ती आणखी आत ओढली गेली. म्हणजे जिवंत होती.

तिसरीला त्यांनी नाकाशी नेलं आणि माझ्याकडे दिलं. मीही वास घेतला.

"हो," मी म्हटलं.

बाईंनी अल्कोहोलची छोटी बाटली घेतली, ती त्यात सोडली आणि लेबलासाठी पेन शोधायला लागल्या.

"मेली?" आईंनी मला विचारलं.

"एक मेली."

"तिला सांग, रेघ मी ओढली."

"त्यांना माहीत आहे, आई."

"तू सांगितलंस. मी नाही सांगितलं."

मी ते वाक्य आहे तसं जर्मनमध्ये सांगितलं. बाईंनी पेन खाली ठेवलं. आईंकडे बघून त्यांनी विचारलं, "का ओढली?"

मी विचारलं. आई म्हणाल्या, "मुंग्यांनी यांना खाऊ नये म्हणून. अन् मुंग्याही मरू नयेत म्हणून."

मी दोन्ही सांगितलं. मग त्या मला म्हणाल्या, "बाकीच्या वाचतील असं दिसतंय. पण हे दोन डबे वेगळ्या खोलीत. यांतलं कोणीही शरदात बेटावर जाणार नाही. अंगात काय राहिलंय ते आपल्याला ठाऊक नाही. तिथल्या झाडांवर ते न्यायचं नाही." पुन्हा पेन शोधून त्यांनी बाटलीवर तारीख घातली. त्यांनी मला ओरडायला हवं होतं असं मला वाटलं. त्या ओरडल्या नाहीत, आणि त्यानं काही सोपं झालं नाही. पेटीत भरायच्या गोगलगायी आता निम्म्या डब्यांतूनच निवडायच्या होत्या.

आईंना मी सगळं सांगितलं. आडपडदा ठेवायचं कारण नव्हतं.

"म्हणजे यांना आता घरी नाही जाता येणार?"

"यांना नाही. यांच्या पिल्लांच्या पिल्लांना कदाचित. तीही तपासून."

"अन् त्या दुसऱ्या दोन डब्यांतल्यांना?"

"त्या जातील."

आईंनी मान हलवली. बाई लेबल लावून निघून गेल्या. मी वेगळ्या खोलीतली दाराजवळची फळी पुसली, थर्मामीटर लावलं, त्या दोन डब्यांचे खटके एकेक करून तपासले आणि डबे आत ठेवले. आई दारात उभ्या राहून बघत होत्या. बाईंनी टोकरलेली ती, पडद्याखालची, आता हळूहळू शंखाबाहेर येत होती. आधी पाय, मग शिंगं, एक लांब आणि एक अजून आखूड. आई वाकल्या. त्यांचा श्वास डब्याच्या काठावर पडत होता.

"आई," मी म्हटलं, "आत या नाहीतर बाहेर जा. दार उघडं राहिलं की तापमान चढतं."

त्या आत आल्या आणि त्यांनी दार लावून घेतलं.